सासूबाईंनी दूध नासवलं

बकरीच्या दुधाला वास येत नाही असं जो म्हणेल त्याला माझ्यासमोर उभा करा. येतो, आणि तापवलं की जास्तच येतो. स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या काही वर्षांत यांची बँकेतून कलकत्त्याला बदली झाली आणि बागबाजारातल्या एका घराच्या वरच्या मजल्यावर आम्ही बिऱ्हाड थाटलं. हे, मी आणि सासूबाई. मला तिसऱ्यांदा दिवस गेले होते. आधीची दोन्ही बाळं पोटातच गेलेली, त्यामुळे घरात कुणी उघडपणे आनंद करत नव्हतं. त्यात माझ्या पोटात पाणीसुद्धा ठरेना.

गवळ्याच्या दुधात पाणीच जास्त. म्हणून बकऱ्या घेऊन दारोदार फिरणारा एक माणूस आमच्या पायरीशी बसून धार काढून द्यायचा. ते दूध तोंडाशी नेलं की मला मळमळून यायचं. मी वाळून काठी झाले. डॉक्टरांनी यांना बाजूला घेऊन सांगितलं, ही अशीच उपाशी राहिली तर हेही मूल हाती लागणार नाही. दार उघडंच होतं. मी ऐकलं, सासूबाईंनीही ऐकलं.

खालच्या मजल्यावर एक बंगाली बाई राहायच्या. मराठ्यांच्या स्वाऱ्यांच्या धास्तीने पूर्वी बागबाजारापासूनच खंदक खणला होता म्हणे, म्हणून त्या आम्हाला चिडवायच्या की एवढं खणूनही तुम्ही वरच्या मजल्यावर चढलातच. पण बाई मायेची. त्यांनी सुचवलं, दूध पिऊ नकोस, ते नासवून त्याचा छेना, म्हणजे घट्ट चोथा, कर, तुपात तळ आणि कच्च्या पाल्यावर घालून गरम गरम खा, वास जातो. डॉक्टरांनीही मान डोलावली.

सासूबाईंचा चेहरा मात्र उतरला. आमच्याकडे दूध चुकून नासलं तरी बायका अपशकुन म्हणून चुकचुकतात. ते मुद्दाम नासवायचं, आणि घरात गर्भारशी असताना? त्यांनी साफ नकार दिला. इथे घरोघर नासवतात, त्यांची काय पोरं जगत नाहीत का, असं मी फणकाऱ्याने विचारलं. त्यांचं त्यांच्यापाशी, म्हणाल्या. मी स्वतः नासवते म्हटलं तर मला चुलीजवळ फिरकू देईनात. खालून करून आणू म्हटलं तर तेही नको, आपली पीडा दुसऱ्याच्या घरावर कशाला. मला असा संताप आला की मी त्यांच्याशी बोलणंच टाकलं. जेवायची ताकद नव्हती, रुसायची होती.

मग एका सकाळी त्यांनी अंघोळ केली आणि कुणाशी काही न बोलता बकरीचं दूध चुलीवर ठेवलं. मी दाराशी उभी होते. दूध वर आलं तशी त्यांनी लिंबाची फोड हातात घेतली.

"नासवणारी मी आहे," त्या दुधाकडे बघत म्हणाल्या. "जे यायचं ते माझ्यावर येऊ दे. हिच्यावर नको, हिच्या पोटातल्यावर नको."

आणि लिंबू पिळलं. दूध फाटलं, हिरवट पाणी वेगळं झालं.

छेना फडक्यात बांधून त्यांनी वरवंट्याखाली दाबून ठेवला. संध्याकाळी यांनी न्यू मार्केटातून सॅलडची कोवळी पानं आणली. सासूबाईंनी छेन्याच्या वड्या पाडल्या, तांदळाच्या पिठात घोळवून तुपात तांबूस तळल्या. ताटलीत पानं, काकडी, लिंबू, मीठ, चिमूटभर साखर आणि वर त्या गरम वड्या. फोडणीशिवाय कोशिंबीर ही कल्पनाच त्यांना सहन होत नसे, तेव्हा जिरं-हिंगाची फोडणीही पडली. पहिली वडी बाहेरून कुरकुरीत, आत मऊ, किंचित आंबूस. आम्ही दोघी वाट बघत बसलो. वडी पोटात ठरली. मी दुसरी मागितली तेव्हा सासूबाई भिंतीला टेकून खाली बसल्या आणि पदर तोंडात धरून रडल्या.

त्यानंतर रोज दूध नासायचं आणि रोज त्या तेच शब्द पुटपुटायच्या. स्वतःला जरा ताप आला, पाय मुरगळला, की सासूबाईंच्या चेहऱ्यावर समाधान. चला, माझ्यावरच येतंय. मी चिडायची, असलं काही नसतं म्हणून वाद घालायची. त्या ऐकून घ्यायच्या.

मुलगी झाली. जिवंत, आणि सगळी गल्ली उठेल असा गळा. सासूबाईंनी माझं न्हाणं-शेक, डिंकाचे लाडू, दुपटी धुणं सगळं केलं. पण बाळाला काही जवळ घेईनात. दाराच्या चौकटीतून बघत राहायच्या. बारसं झालं तरी तेच. शेवटी मी विचारलंच.

"माझ्यावर यायचं ते अजून आलेलं नाही गं," त्या म्हणाल्या. "ते येईल तेव्हा ही माझ्या मांडीवर नको."

मी उठले, पोरीला त्यांच्या मांडीवर ठेवलं आणि त्यांना अगदी खेटून बसले. त्या उठायला लागल्या तसा त्यांचा हात धरून ठेवला.

"येऊ दे, आई," मी म्हटलं. "बसलोय आपण तिघी."