तिकडची तारीख

साळवे सर वर्गात आले की फळ्यावर दोन तारखा लिहीत. उजव्या कोपऱ्यात सरकारची, डाव्या कोपऱ्यात 'तिकडची'. तिकडं म्हणजे कुठं, असं कुणी विचारलं तर म्हणायचे, "नकाशात न्हाई ते गाव. भूगोल मी शिकवतो, मला माहीत हाय." भोकरदनच्या शाळेत मी नवा मास्तर म्हणून लागलो, तेव्हा पहिल्याच दिवशी डाव्या कोपऱ्यात वाचलं, 'हरभरा घाट्यावर, धाकट्या चंद्राची चतुर्थी.' मला वाटलं, पोरांनी फळा नीट पुसला नसेल.

पुढं ओळख वाढली तशी त्यांनी मला ती वही दाखवली. जाड पुठ्ठ्याची, खाकी कागदाचं कव्हर घातलेली. साळव्यांनी एक अख्खं जग मनानं रचलं होतं आणि त्याचं पंचांग त्या वहीत होतं. तिथं चंद्र दोन. थोरला चाळीस दिवसांनी पूर्ण व्हायचा, धाकटा पंधरा दिवसांनी. वर्ष नऊ महिन्यांचं. "आईच्या पोटात माणूस नऊ महिने राहतो, मंग वरीसबी तेवढंच बराबर." दिवसाला आकडा नव्हता, नाव होतं. कालवड झाली तो दिवस. वाळवण भिजलं तो दिवस. दोन्ही चंद्र एकदम पूर्ण होत तो सण, वर्षातून तीनदा. त्या दिवशी कुणी कुणाला आडनाव विचारायचं नाही, एवढाच नियम. मी हसलो. ते हसले नाहीत.

हा उद्योग कशासाठी, तेही त्यांनी एकदा सांगितलं. आमच्या भागात पोरगं शाळेत घालायला आणलं की बापाला जन्मतारीख सांगता यायची नाही, आणि मास्तर डोळे झाकून एक जून लिहायचा. मीही लिहीत होतो. साळवे म्हणाले, "जाधव सर, साऱ्या तालुक्यातल्या बाया एकाच दिवशी बाळंत झाल्या का हो?" ते मात्र पोराच्या आईला गाठायचे. पोरगं झालं तेव्हा शेतात काय उभं होतं, घरात कोण आजारी होतं, असं विचारत विचारत ते त्याचा दिवस हुडकायचे आणि वहीतल्या त्या दिवसापुढं पोराचं नाव घालायचे. पाच-सात वर्षांत दीडेकशे नावं झाली होती. पोरं आपला दिवस आला की ऐटीत यायची.

स्वतः साळव्यांचं नाव मात्र कुठल्याच दिवसापुढं नव्हतं. त्यांच्याही दाखल्यावर एक जूनच. त्यांची माय पिंपळगाव रेणुकाईला राहायची. गाव सोडायला ती बिलकुल तयार नव्हती, आणि वयापरत्वे विसरत चालली होती. दर ऐतवारी सर तिच्याकडं जात आणि सोमवारी मला सांगत. "आज म्हणली, तूर फुलावर होती." पुढच्या सोमवारी, "म्हणली, दायीचा पाय मोडला व्हता, म्हणून उशीर झाला. जमून राह्यलं, जाधव सर. दोन-चार ऐतवार लागतील अजून."

अशाच एका शनिवारी मायला ताप आला म्हणून सरांनी रजेची चिठ्ठी पाठवली. हेडमास्तर मला म्हणाले, मस्टरवर रजा लावा. मला अवदसा आठवली. त्यांच्या रकान्यात मी शाईनं लिहिलं, 'रजा. तिकडं आज दोन्ही चंद्र पूर्ण.' सगळी मास्तरमंडळी पोट धरून हसली. मी स्वतःवर खूश झालो आणि विसरून गेलो.

दोन महिन्यांनी तपासणीला साहेब आले. मस्टर चाळता चाळता थांबले आणि कडाडले, "हा सरकारी कागद आहे की तमाशाची वही?" अक्षर कुणाचं ते हेडमास्तरांना ठाऊक होतं. ते टेबलाकडं बघत बसले. मी दाराशी उभा होतो. माझी नोकरी कायम व्हायला चार महिने राहिले होते. तेवढ्यात साळवे पुढं झाले. "माझंच हाय, साहेब. मजाकमजाकमधी लिव्हलं. चुकी झाली." मी तोंड उघडलं नाही. उघडता आलं असतं, वेळ होता, एवढं मला पक्कं आठवतं.

त्यांची बदली अंबड तालुक्यात, अंतरवाली सराटीला झाली. तिथून पिंपळगाव म्हणजे तीन गाड्या बदलायच्या. ऐतवारात जाऊन येणं व्हायचंच नाही. कधी महिन्यानं, कधी दोन महिन्यांनी ते यायचे. त्यांच्या जागी मला भूगोल मिळाला. फळ्याच्या डाव्या कोपऱ्यात मी काही लिहिलं नाही.

त्या वर्षी दिवाळीआधी त्यांची माय गेली. मी पिंपळगावला भेटायला गेलो. आज सगळं सांगून टाकायचं, असं सबंध वाटभर घोकत होतो. सर ओट्यावर बसले होते. मी म्हणालो, "सर, ते मस्टरवरचं..."

"तुमचं अक्षर मी वळखतो," ते म्हणाले. "तवाच वळखलं."

"मग बोलला का नाही?"

"तुमची नोकरी कच्ची होती. माझी पक्की. माझी नुसती बदलीच झाली, तुमचं घरच बसलं असतं." मग म्हणाले, "बसा, च्या घ्या."

त्यांनी चार शिव्या हासडल्या असत्या तर बरं झालं असतं. माझ्याच्यानं राहवेना. विचारलं, "तुमचा दिवस सापडला का?"

त्यांनी शेजारच्या म्हातारीकडं बोट केलं. ती सूप घेऊन निवडत बसली होती. शेवटच्या दिवसांत मायजवळ तीच होती. ती माझ्याकडं न बघताच म्हणाली, "आठवलं व्हतं तिला. बराबर आठवलं व्हतं. दोन ऐतवार येष्टीच्या टायमाला फाट्यावर जाऊन बसली व्हती."

"काय आठवलं होतं?" मी विचारलं.

"मला कशाला सांगंल? पोराला सांगायचं व्हतं तिला."