दोन मैलांवरचं नाव

क्लेगथॉर्पमध्ये स्टॅन्ली हेलिवेल न्यायी माणूस म्हणून प्रसिद्ध होता. दोन मैलांवरच्या हार्टली गावात विचाराल, तर तिथले लोक आधी थुंकतील आणि मग उत्तर देतील. स्टॅन होता क्लेगथॉर्पच्या क्रिकेट संघाचा पंच. उत्तर इंग्लंडमधल्या यॉर्कशरच्या या डोंगराळ कोपऱ्यात प्रत्येक संघ आपला पंच जेवणाच्या डब्यासारखा घरून घेऊन येतो, आणि ते दोघे पंच मिळून निःपक्षपातीपणे सामना चालवतात असं मानायची पद्धत आहे.

या न्यायबुद्धीचं मूळ होतं एकोणपन्नास धावांत. स्टॅन तेव्हा गिरणीत नुकताच कामाला लागलेला, लग्नाआधीचा. हार्टलीच्या मैदानावर एकोणपन्नासवर खेळत असताना चेंडू त्याच्या बॅटला लागून पॅडवर आला. बॅटचा आवाज म्हणे चर्चमागच्या दफनभूमीत झोपलेल्यांनीही ऐकला. ऐकला नाही तो फक्त हार्टलीच्या पंचाने. त्याने बोट वर केलं, पायचीत! पुढे स्टॅनचं पन्नास कधी झालंच नाही. आता ज्याच्यावर अन्याय झाला त्याने न्यायदानाचं काम हाती घ्यावं, यात वावगं काय? स्टॅन पंच झाला, आणि त्या दिवसापासून हार्टलीच्या एकाही अपिलाला त्याचं बोट वर गेलं नाही. तिन्ही यष्ट्या उखडून बेल्स गवतात पडल्या तर त्याचाही नाइलाज व्हायचा. बाकी हार्टलीवाले घसा फुटेस्तोवर ओरडले तरी स्टॅन पाद्र्यासारखा शांत चेहरा करून ढगांकडे बघायचा.

आता घरात असा माणूस असला की घराचीही एक वेगळी भूगोलविद्या तयार होते. स्टॅन सकाळी चहा घेताना हार्टलीला नावं ठेवायचा, जेवताना रस्सा पातळ झाला तर "हार्टलीच्या खेळपट्टीसारखा झालाय" म्हणायचा. गावातली नाली तुंबली तर पाणी हार्टलीकडून आलं, आणि गाव कोरडं पडलं तर हार्टलीने अडवलं. त्याचा एकुलता एक मुलगा एड्रियन हे ऐकत मोठा झाला. ऐकत म्हणजे काय, कानाला यंत्र लावून गाणी ऐकत.

या एड्रियनसाठी स्टॅनने जे केलं ते कुठल्या बापाने केलं नसेल. बायको जीन आठवा महिना संपवून शेजारच्या लँकशर परगण्यात समुद्रकिनारी सुट्टीला गेली होती आणि तिथेच तिला कळा सुरू झाल्या. त्या काळी यॉर्कशर परगण्याच्या संघात खेळायचं तर जन्म यॉर्कशरच्या मातीत झालेला असावा लागे. स्टॅनने जीनला जुनाट गाडीत घातलं आणि डोंगर ओलांडून, खड्ड्याखड्ड्यातून, हद्दीच्या अलीकडे आणलं. दवाखाना दाराशी सोडून एवढा प्रवास कशाला, असं जीन वाटेत ओरडून विचारत होती, तेव्हा स्टॅन म्हणाला होता, "जरा धीर धर. पोराच्या भविष्याचा प्रश्न आहे." तो नियम थोड्याच वर्षांत रद्द झाला. आणि पोराने शाळेत बॅटऐवजी बासरी हातात घेतली, मग विम्याच्या कंपनीत नोकरी धरली, मग लंडन गाठलं आणि इमोजेन नावाच्या दक्षिणेकडच्या मुलीशी लग्न केलं. इमोजेन चहात दूध आधी घालायची की नंतर, हे विचारायचंही स्टॅनने टाळलं. काही गोष्टी न कळलेल्या बऱ्या.

तरी नातू होणार म्हणताच स्टॅन पुन्हा जिवंत झाला. मुलगा हातचा गेला, पण नातू आहे! कपाटातली लहान बॅट काढून त्याने तिला जवसाचं तेल लावलं. मार्चमध्ये फोन आला. जीनने घेतला, मुलगा झाला म्हणून रडली, मग नाव ऐकून एकदम गप्प झाली.

"काय ठेवलं नाव?" स्टॅन.

"तू आधी बस."

"बसूनच आहे."

"हार्टली," जीन म्हणाली.

स्टॅनला आधी वाटलं, बाळ तिथे जन्माला आलं की काय. मग खरी गोष्ट समजली तेव्हा तो उठून परसात गेला आणि बराच वेळ कांद्याच्या वाफ्याकडे बघत उभा राहिला. परत आला तो तोंड सोडूनच.

"गावाचं नाव पोराला? उद्या बसथांब्याचं ठेवतील!"

"लंडनमध्ये आता चाल आहे तशी. इमोजेनच्या गल्लीत एक अ‍ॅश्टन आहे, एक प्रेस्टन आहे, समोर किंग्जली आहे."

"म्हणजे आयांनी पोरांना हाका मारल्या की बसचा कंडक्टर ओरडतोय असं वाटत असेल."

जीनने शांतपणे चष्मा लावला. इमोजेनने बाळांच्या नावांचं एक जाड पुस्तक मागेच पाठवलं होतं, आजीलाही मत देता यावं म्हणून. "हे बघ. हार्टली म्हणजे हरणांचं मोकळं रान. डौलदार, निसर्गाच्या जवळचं, ऐकायला मऊ आणि तरी मर्दानी, असं लिहिलंय."

"हरणं? हार्टलीत? तिथे फक्त मेंढ्या, धुकं आणि चोर आहेत!"

"पुढे ऐक. स्टॅन्ली. स्टॅन्ली म्हणजे दगडांचं मोकळं रान." जीनने चष्म्यावरून पाहिलं. "यांनी तुला बघितलं नसेल, तरी बरोब्बर लिहिलंय."

"माझं नाव माणसाचं आहे!"

"गावाचंच आहे. तुझ्या वडलांचं क्लिफर्ड, म्हणजे कड्याजवळचा नदीचा उतार. तुझा भाऊ क्लेटन, चिकणमातीची वस्ती. पिढ्यानपिढ्या तुम्ही लोक नकाशा घेऊन फिरताय आणि हसताय लंडनच्या पोरांना."

अडचणीत सापडला की स्टॅन पंचासारखा ढगांकडे बघायचा. घरात ढग नसल्यामुळे छताकडे बघितलं.

खरी पंचाईत शुक्रवारी झाली. नातवंड झालं की आजोबाने 'फ्लीस' पबमध्ये सगळ्यांना बिअर पाजायची, ग्लास उंचावून बाळाचं नाव जाहीर करायचं, आणि सगळ्यांनी ते एका सुरात म्हणायचं, ही क्लेगथॉर्पची रीत. याला बाळाचं डोकं भिजवणं म्हणतात. बाळाच्या डोक्याला थेंबही लागत नाही, मोठ्यांची डोकी मात्र दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत ठणकतात. पबमध्ये अख्खा संघ हजर होता, आणि सगळ्यांच्या पुढे नॉर्मन सगडेन. स्टॅनचा शाळासोबती, संघाचा जुना यष्टिरक्षक, तोंडाने फाटका पण मनाने लोणी.

"बोल रे आजोबा," नॉर्मन म्हणाला. "कुणाच्या नावाने प्यायची?"

स्टॅनने ग्लास उचलला. समोर तीस-चाळीस वर्षं त्याच्या बोटावर विश्वास ठेवलेली माणसं होती. यांच्यासमोर ते नाव घ्यायचं?

"स्टॅन्ली," तो म्हणाला.

"स्टॅन्लीच्या नावाने!" पब दुमदुमला. नॉर्मनच्या डोळ्यांत पाणी आलं. आजोबाचं नाव पोराला ठेवणारा मुलगा लंडनमध्ये राहूनही बिघडला नाही, असं त्याने सगळ्यांना दोनदोनदा सांगितलं. स्टॅनला मनातून लाज वाटली, पण बिअर चांगली होती.

खोटं बोलणं सोपं असतं, त्याची उस्तवार अवघड. एड्रियनने ठरवलं की बारसं क्लेगथॉर्पच्याच चर्चमध्ये, जूनमध्ये करायचं. शिवाय गावाचा मान म्हणून बाळाचा धर्मपिता नॉर्मनकाका. फोनवर तो म्हणाला, "बाबा, नॉर्मनकाकांना नाव वगैरे तुम्हीच सांगून ठेवा. चर्चच्या व्हायकर बाई ऐन वेळी त्यांनाच विचारणार."

"सांगितलंय," स्टॅन म्हणाला. तसं पाहिलं तर खोटं नव्हतं.

फोन ठेवताना त्याच्या लक्षात आलं. व्हायकर बाई, म्हणजे गावच्या धर्मगुरू, बाळाला हातात घेऊन विचारणार, "या बाळाचं नाव सांगा." धर्मपिता जे बोलेल त्या नावाने त्या बाळाच्या डोक्यावर पाणी घालणार. देवाच्या घरी एकदा नाव पडलं की पडलं, अशी गावाची समजूत. म्हणजे आपण काही करायचंच नाही. नुसतं गप्प बसायचं, की नातू स्टॅन्ली! अपील झालं तरी ढगांकडे बघायचं. आयुष्यभर तेच तर केलं होतं.

बारशाच्या आदल्या दिवशी, शनिवारी, लंडनची मंडळी आली. बाळ पहिल्यांदा घरात येतं तेव्हा त्याला अंडं, मीठ आणि चांदीचं नाणं देतात, तसं जीनने दिलं. नाणं बाळाने मुठीत असं आवळलं की सोडवता येईना. "यॉर्कशरचाच आहे, हातातला पैसा सुटत नाही," स्टॅन म्हणाला आणि पोराला खांद्यावर घेतलं. पोर त्याच्या कानाशी फुरफुरत झोपून गेलं. आता याच्याशी वैर धरायचं तरी कसं?

जीन आणि एड्रियन आत हॅमची सँडविचेस करत होते. इमोजेन स्टॅनशेजारी येऊन बसली. बिचारी थकली होती.

"स्टॅन, मला तुम्हाला एक विचारायचं होतं. नाव आवडलं ना तुम्हाला? फोनवर तुम्ही काहीच बोलला नाहीत."

"नाव... चांगलं आहे. लोकांना आवडतं म्हणे."

"पुस्तकात होतं म्हणून नाही ठेवलं मी." ती जरा लाजली. "लग्नानंतर मी पहिल्यांदा इथे आले तेव्हा तुम्ही मला गाडीतून फिरवलंत, आठवतं? तुम्ही कुठेच थांबला नाहीत. ना किल्ल्यापाशी, ना धबधब्यापाशी. थांबलात ते फक्त हार्टलीच्या मैदानाशी. कुंपणाला धरून उभे राहिलात, आत एका जागेकडे बघत. मी बघितलं, तुमचे डोळे भरून आले होते."

स्टॅनला आठवलं. भरून आले होते खरे. पण रागाने.

"मग मी एड्रियनला विचारलं, तर तो म्हणाला, बाबांच्या मनातून हार्टली कधी गेलंच नाही. लहानपणी सकाळी उठल्यापासून तेच नाव ऐकलंय म्हणाला. तेव्हाच मी ठरवलं. एड्रियन तुमच्यासारखा खेळला नाही, याचं तुम्हाला वाईट वाटतं हे मला कळतं. म्हटलं, तुमच्या सगळ्यात जवळची एक तरी गोष्ट नातवाला मिळावी."

स्वयंपाकघराच्या दारात एड्रियन उभा होता. त्याने सगळं ऐकलं होतं. बापाकडे बघून त्याने डोळ्यांनीच विनवलं. खरं काय ते त्याला माहीत होतं, पण नाव ठरवताना इमोजेन इतकी आनंदात होती की त्याच्याने ते सांगवलं नव्हतं. पोराने आयुष्यात बापाचं एकच काहीतरी लक्षात ठेवलं होतं, तेही नेमकं हेच.

स्टॅन बाळाच्या पाठीवरून हात फिरवत राहिला. सून दोनशे मैलांवरून आपल्यासाठी अख्खं गाव उचलून घेऊन आली होती. तिला काय सांगणार, की बाई, ते एका एकोणपन्नासचं रडं आहे? आणि विचार केला तर ती चुकली तरी कुठे होती? ज्याचं नाव माणूस रोज सकाळी बायकोच्या नावाआधी घेतो, ते दूरचं कसं म्हणायचं? या विचाराने स्टॅनला इतकं वाईट वाटलं की त्याने सँडविच खाल्लं नाही.

रविवारी चर्च भरलं होतं. एकच व्हायकर दोन्ही गावांना पुरवायची असल्यामुळे महिन्यातल्या एका रविवारी दोन्ही गावांची प्रार्थना एकत्र होते, आणि देवाला गंमत हवी होती म्हणून तो हाच रविवार निघाला. डावीकडे क्लेगथॉर्प, उजवीकडे हार्टली, मधल्या वाटेत खेळपट्टीएवढं अंतर. नॉर्मनने लग्नातला सूट घातला होता. तो बाळासाठी छोटा चांदीचा पेला घेऊन आला होता, वर कोरलेलं 'स्टॅन्ली'. इमोजेनचं लक्ष बाळाच्या टोपड्यात होतं म्हणून बरं, नाहीतर तिथेच बोंब झाली असती.

व्हायकर बाईंनी बाळाला हातात घेतलं आणि नॉर्मनकडे वळल्या.

"या बाळाचं नाव सांगा."

नॉर्मनने घसा साफ केला. छाती पुढे काढली. स्टॅन पहिल्या बाकावर होता, आणि त्याला फक्त गप्प बसायचं होतं. त्याने सवयीने वर पाहिलं. वर लाकडी तुळया होत्या. खाली सून नॉर्मनकडे हसऱ्या तोंडाने बघत होती, आपलं ठरवलेलं नाव ऐकायला.

"स्टॅ..." नॉर्मनने सुरुवात केली.

"हार्टली!"

मैदानाच्या दुसऱ्या टोकाला ऐकू जावा तसला तो आवाज होता. स्टॅन उभा राहिला होता, आणि त्याचं उजव्या हाताचं बोट आपोआप वर गेलं होतं. उजवीकडच्या बाकांवर कुणीतरी श्वास ओढला. इतक्या वर्षांत त्या लोकांनी ते बोट आपल्या बाजूने वर गेलेलं कधी पाहिलं नव्हतं. व्हायकर बाईंनी पाणी घातलं, बाळ किंचाळलं, इमोजेन रडत रडत हसली आणि जीनने नवऱ्याचा कोट धरून त्याला खाली बसवलं, मग त्याचा हात धरला तो सोडलाच नाही.

नॉर्मन मात्र पेला हातात धरून तसाच उभा होता. तो वाकून स्टॅनच्या कानात कुजबुजला, "अरे, मग आम्ही त्या शुक्रवारी ज्याच्या नावाने प्यालो, तो स्टॅन्ली कुठे गेला?"

"आउट झाला," स्टॅन म्हणाला.