टेबलआपाची नमुना प्रत

टेबलआपाला कोणी सलाम करो, नमस्कार करो, तिचं उत्तर ठरलेलं असे, "माझं टेबल कुठाय?" आमच्या कलाकेंद्राच्या दारात ती दिसली की रिसेप्शनवरची मुलगी मला फोन करून टेबल लेडी आल्याचं कळवायची, आणि माझ्या कपाळावर आठी पडायची. टेबल देणं माझ्या हातात नव्हतं, पण नाही म्हणायला मात्र मलाच पुढे करायचे. दुबईतल्या त्या केंद्रात मी लोकांसाठीचे कार्यक्रम बघते. लोकांसाठीचे म्हणजे, ज्यात लोक सोडून बाकी सगळं असतं ते.

आपा रत्नागिरीकडची. म्हणजे तिचे अब्बा तिकडचे. ती जन्मली, शिकली, लग्न करून राहिली ती इथेच. दिवसा एका क्लिनिकमध्ये इन्शुरन्सच्या काउंटरवर बसायची आणि संध्याकाळी इंटरनॅशनल सिटी नावाच्या वस्तीतल्या आपल्या फ्लॅटमध्ये, जेवणाचं टेबल पुसून त्यावर चित्रकथा काढायची. बंद पडलेली लिफ्ट, एका किचनमध्ये तीन कुटुंबांचा स्वयंपाक, सुकट भाजल्यावर वरच्या मजल्यावरून आलेली तक्रार, असले तिचे विषय. मराठीत लिहायची, मध्येच हिंदी, मध्येच अरबी "यल्ला" आणि "खलास". स्वतःच छापून आणायची, घडी घालायची आणि स्टेपलर मारायची.

हे खूळ जपानचं. नवऱ्याच्या कंपनीने एकदा टोकियोची ट्रिप दिली होती. नवरा देवळं बघायला गेला आणि ही एका अवाढव्य हॉलच्या रांगेत उभी राहिली. आत हजारो लोक स्वतः काढलेली, स्वतः छापलेली पुस्तकं लहान लहान टेबलांवर मांडून बसलेले. दोजिन्शी म्हणतात त्या पुस्तकांना. शाळकरी पोरी, बँकेतले कारकून, आजोबा, सगळे. कोणी निवडलेले नाहीत, कोणी नाकारलेले नाहीत. तिथे गिऱ्हाईक असं कोणी नसतंच, येणाऱ्यालासुद्धा भाग घेणाराच मानतात, हे सांगताना आपाचा आवाज मशिदीत बोलल्यासारखा खाली यायचा. आणि मग लगेच वर चढायचा, की तुमच्या एवढ्या मोठ्या बिल्डिंगमध्ये एक टेबल नाही?

"बनवणाऱ्यानं उभं राहायचं," हे तिचं दुसरं पालुपद. मी सांगून थकले की आपा, पुस्तकं आमच्या शॉपमध्ये ठेव, इंटरनेटवर टाक. छे! काढणाऱ्याने स्वतः टेबलामागे उभं राहून, वाचणाऱ्याच्या तोंडाकडे बघत, हातात पुस्तक द्यायचं. तो हसला नाही तर तेही बघायचं. आणि एकदा संपलं की परत छापायचं नाही, नवं काढायचं. पालथ्या घड्यावर पाणी कसं ओततात ते शिकायचं असेल, तर आपाला एखादी सोय सुचवून बघावी.

तिच्या प्रत्येक पुस्तकाची एक नमुना प्रत असे. टोकियोतही ती प्रत्येक टेबलावर असते. कोणीही उचलावी, चाळावी, ठेवावी. आपाने तिला टेबलाला बांधायला पायजम्याच्या नाडीचा तुकडा ओवला होता, म्हणजे कोणी नेऊ नये. शाळांच्या गॅदरिंगला, मंडळाच्या गणपतीत, जिथे जागा मिळेल तिथे ती ही प्रत घेऊन जायची. आणि परत आल्यावर मला ती प्रत दाखवायची, हा वड्याच्या तेलाचा डाग, हा कडक चहाचा, हे कुठल्यातरी बाळाने चावलंय. "मळली म्हणजे वाचली गो," म्हणायची. मला हात धुवावेसे वाटायचे.

हॉलमध्ये काय मांडायचं ते ठरवणाऱ्या आमच्या क्युरेटरला मात्र आपाची भाषा कळायची नाही, आणि आपाला त्याची. लंडनला शिकून आलेला, गोड बोलणारा माणूस. दरवर्षी मी मीटिंगमध्ये लोकांच्या खुल्या टेबलांचा विषय काढायची आणि दरवर्षी तो मान हलवत म्हणायचा की आयडिया ब्यूटिफुल आहे, पण सिलेक्शन कोण करणार? मी म्हणायची, सिलेक्शन नाही हीच तर आयडिया आहे. मग तो पुन्हा म्हणायचा की ब्यूटिफुल, आणि चहा यायचा. आपाला मी दरवर्षी इन्शाल्ला म्हणून वाटेला लावायची.

मग आपाच्या नवऱ्याची नोकरी संपली. इथे नोकरी संपली की व्हिसा संपतो, आणि व्हिसा संपला की माणसाने सामान बांधायचं. आपाही त्याच्याच व्हिसावर होती. ती निघाली गावाला, जिथे ती फक्त मे महिन्याच्या सुट्टीत जात आली होती. त्यावर तिने शेवटचं पुस्तक काढलं, "सामान" नावाचं. जायच्या आधी एकदा, तुमच्या हॉलमध्ये, माझ्या टेबलामागे उभं राहायचंय, एवढंच तिने मागितलं. या वेळी तिने विचारलं नाही, मागितलं. मी क्युरेटरच्या केबिनमध्ये जाऊन असा काही आवाज चढवला की माझं मलाच नवल वाटलं. तो शांतपणे हो म्हणाला. आपाची नमुना प्रत मात्र आधी पाठवा, म्हणाला. मी मूर्खासारखी, उघडूनही न बघता, आनंदाने घेऊन आले.

कार्यक्रमाच्या दिवशी आपा ठेवणीतला सलवार-कमीज घालून, नव्या पुस्तकाच्या प्रती भरलेली पिशवी घेऊन आली. हॉलमध्ये टेबल नव्हतं. काचेचं कपाट होतं. आत मखमलीवर, वरून लाइट सोडून, "सामान"ची नमुना प्रत उघडून ठेवलेली. नाडी कापून टाकलेली. शेजारी पाटी, की ही कलाकृती आता केंद्राच्या कायमच्या संग्रहात आहे, कृपया काचेला हात लावू नये. क्युरेटर कौतुकाने आपाकडे बघत होता. त्याला खरंच वाटत होतं की याहून मोठा मान नाही.

आपाने पाटी वाचली. मग मला म्हणाली, "नाडी तरी ठेवायची होती गो."

हॉलमध्ये काही विकायला परवानगी नाही, असंही तिला त्याच वेळी कळलं. भांडली नाही. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड होत होता, आणि ती बाहेर पडून समोरच्या कॅफेटेरियाच्या फूटपाथवर जाऊन उभी राहिली. विकायचं नाही तर अदलाबदल, तीसुद्धा टोकियोचीच रीत. तू तुझं दे, मी माझं देते. त्या दिवशी केंद्रात वर्कशॉपला आलेली पोरं आपापल्या घडी घातलेल्या कागदांच्या वह्या घेऊन धावली. इंग्रजीत बोलणारी, मराठी धड न वाचता येणारी पोरं, पण पुस्तक दोन्ही हातांनी घेत होती. पिशवी रिकामी झाली. शेवटची प्रत उरली तेव्हा मी हात पुढे केला.

"तुझं काय आहे?" तिने विचारलं.

मी म्हटलं, "आपा, मी कार्यक्रम करते, चित्रं नाही काढत."

"मग काढ," म्हणाली, आणि ती प्रत पार्किंगमधल्या एका टॅक्सीवाल्याला दिली. त्याने पेट्रोलच्या पावतीच्या मागे तिला एक होडी काढून दिली होती. मला इतका राग आला की विमानतळावरही मी नीट बोलले नाही. गळ्यात पडून रडले तेवढं.

आता ती गावी आहे. तिथल्या शाळेच्या व्हरांड्यात टेबल मिळालंय म्हणे, न मागता. मी शेवटी हट्टाने आठ पानं काढली, माणसं बटाट्यांसारखी. तिला कुरिअरने पाठवली आणि "सामान"ची एक प्रत मागितली. तिने व्हॉइस मेसेज पाठवला की तुझे बटाटे फार आवडले, पण माझ्याकडे एकही उरलेली नाही. "नमुना तुमच्याकडेच आहे ना? उघड आणि वाच."

उघड म्हणे. कपाटाची किल्ली संग्रह विभागाकडे, संग्रह विभागाला कमिटीची मंजुरी लागते, कमिटीची मीटिंग इन्शाल्ला पुढच्या महिन्यात. मी अर्ज केला, आठवण केली, आवाज चढवला, हात टेकले. क्युरेटर म्हणतो, त्या पानाचं कॉम्पोझिशनच सगळ्यात सुंदर आहे.

त्या पानावर एक बाई बंद न होणाऱ्या बॅगेवर बसलीय. तिथला सिक्युरिटी गार्ड दिवसभर तिच्यासमोर उभा असतो. परवा मला थांबवून म्हणाला, "मॅडम, आप तो यहाँ की हो. अगले पन्ने पे बैग बंद हुआ क्या?"

मी म्हटलं, पता नहीं भैया. काच तेवढी रोज पुसतात. त्या पुस्तकावर अजून एक डाग नाही.