दंडावरची पिवळी पट्टी

तो अवाढव्य सिनेमा का आपटला, यावर जाणकारांनी रकानेच्या रकाने खरडले. शिवणखात्यातल्या टाचणीबाईला कोणी विचारलं नाही. ओठांत सदा टाचण्या, म्हणून हे नाव. एकतीस वर्षं तिने नटनट्यांचे कपडे शिवले, पण पडद्यावर तिचं नाव कधी आलं नाही. तू खरंच सिनेमात आहेस की उशांचे अभ्रे शिवतेस, असं धाकटी बहीण येता-जाता टोचायची.

या वेळी दिग्दर्शकाने नावाचा शब्द दिला होता. दूरच्या ग्रहावर निघालेले सोळा अंतराळवीर, पैसा पाण्यासारखा. पोशाख सगळे पांढरे, हेल्मेटच्या काचा काळ्या. कपडे चढवून सोळा जण ओळीत उभे राहिले आणि बाईची पंचाईत झाली. कोण कोणता तेच कळेना. तिने प्रत्येकाच्या दंडावर वेगळ्या रंगाची पट्टी शिवली. नायिकेची पिवळी.

दिग्दर्शकाने नाक मुरडलं. भविष्यात असले चोचले नसतात म्हणे. "उसवा सगळ्या."

मग माणसं ओळखायची कशी, हे तिच्या अगदी ओठांवर आलं होतं. पण हाताशी आलेलं नाव गेलं तर? सोळाही पट्ट्या तिने स्वतःच्या हाताने उसवल्या.

पहिल्याच रविवारी ती बहिणीला ओढून थिएटरात घेऊन गेली. यानं, ग्रह, स्फोट, कशाचीच कमी नव्हती. मध्यंतरानंतर कोणीतरी मेलं. बाकीचे पंधरा जण माना खाली घालून उभे राहिले, पार्श्वसंगीताने तर गळाच काढला. बहिणीने कुजबुजत विचारलं, "कोण गेलं गं?"

बाईने डोळे ताणून पाहिलं. पोशाख तिच्या हातचा, सहा वेळा मापं घेऊन बेतलेला, तरी तिलाही सांगता येईना. मागे कोणीतरी फिस्सकन हसलं, मग सगळेच हसले. लोक उठून जाऊ लागले.

ती मात्र शेवटपर्यंत खुर्चीला चिकटून राहिली. दिवे लागले, झाडूवाला आला, नावं सरकतच होती. आणि तिचं नाव आलं, पूर्ण, एकही चूक नसलेलं. तिने वळून पाहिलं, तर बहिणीची खुर्ची रिकामी.

"काय बाई, सिनेमात तुमचं कोणी होतं का?" झाडूवाल्याने विचारलं.

"नाही," ती म्हणाली, आणि पर्स उचलून निघाली.