फुलाशिवाय ओळख

तिला सगळा फुलबाजार कात्री म्हणायचा, आणि ते हातातल्या कात्रीमुळे नव्हे. रागावली की तिचा आवाज चढायचा नाही, खाली यायचा. मग शेजारच्या गाळ्यातले लोक गजरा, दोरा जे हातात असेल ते ठेवून कान द्यायचे. लग्न होऊन आली तेव्हा वहिनी अबोल होती, असं तिचा दीर शपथेवर सांगायचा. कोणी विश्वास ठेवत नसे.

नवरा गेला आणि दुकान तिच्या गळ्यात पडलं. दुकानाबरोबर दीरही. "कामाला वाघ, डोक्याने कोकरू," असं ती त्याच्या तोंडावर म्हणायची. तो हसायचा.

सजावटीसाठी रानातला पाला, वेली आणायचं काम त्याचं. पहिल्याच खेपेला तिने त्याला बजावलं होतं, "नाल्याकाठी एक वेल असते. जांभळं फूल, पाकळ्या मागे वळलेल्या, मध्ये पिवळी चोच. वांग्याच्या फुलाची धाकटी बहीणच. विषारी आहे. तसं फूल दिसलं की हात लावायचा नाही."

त्याने ते मनावर कोरून घेतलं. एवढ्या वर्षांत कधी हात लावला नाही.

पानगळ सुरू झाली होती. एका मोठ्या घरच्या मेजवानीचं काम होतं. यजमानीणबाईंना टेबल 'रानातून उचलून आणल्यासारखं' हवं होतं. कात्री दारावरची फुलं बांधत होती, टेबल दिराकडे. दार संपवून ती आत आली आणि उभीच राहिली.

फळांच्या वाडग्यांमधून एक वेल वळणं घेत गेली होती. लोंबते घोस, आणि एकाच घोसात हिरवी, पिवळी, लालभडक फळं. लांबट, मण्याएवढ्या टोमॅटोसारखी. दिसायला देखणी. तिने एक पान उलटलं. बुडाशी कानासारखे दोन छोटे तुकडे. चुरगळून हुंगलं. घाण वास. वेलीला आधार धरणारे ताणेही नव्हते.

"ही कुठून आणलीस?"

आवाज खाली आलेला ऐकून दीर गांगरला. "नाल्याकाठून. वहिनी, फूल एकही नव्हतं. मी नीट बघितलं."

"फळं पिकल्यावर फूल तुझी वाट बघत बसेल? ताणे नाहीत तिला. दुसऱ्याच्या अंगावर रेलून वाढते. निदान तुझ्याच गोतावळ्यातली म्हणून तरी ओळखायचीस."

कात्री वेल ओरबाडू लागली. यजमानीणबाई धावत आल्या.

"अहो, पाहुणे दारात आहेत."

"म्हणूनच काढतेय."

"सजावट कोण खातं? जेवण होईपर्यंत तरी राहू द्या."

कात्री वेल ओढत पुढे सरकली. टेबलाच्या टोकाच्या घोसाला नुसते देठ उरले होते. ती खाली बसली, टेबलावरचं कापड वर केलं. आत बाईंची नात बाहुलीचा संसार मांडून बसली होती.

"काय शिजवलंय गं?"

"टोमॅटोची भाजी."

"मीठ बरोबर आहे का ते चाखलंस?"

मुलीने मान डोलावली.

"कसं लागलं?"

"आधी कडू. मग गोड."

दवाखान्यात फुलांच्या गाडीतूनच गेले. पुढे दीर, मागे भिजलेल्या पोत्यांवर बाई, नात आणि कात्री. कात्रीच्या मांडीवर वेलीचा तुकडा, पानाफळांसकट, डॉक्टरांना दाखवायला.

"पोरीला काही झालं तर तुम्हाला कोर्टात खेचीन," बाई म्हणाल्या.

"खेचा. आधी तिला नीट मांडीवर घ्या. डोकं घरंगळतंय."

पोरीला उलट्या झाल्या. रात्रभर ठेवून घेतलं. सकाळी तिने बाहुली मागितली, तेव्हा डॉक्टर म्हणाले, घरी न्या. बाईंनी कात्रीकडे बघितलंही नाही. ते बरोबरच होतं. पण त्याने कात्रीचा राग उतरला नाही.

ती घरी गेली नाही. दिराला घेऊन थेट नाल्यावर गेली.

"वहिनी, चूक माझी. आता बोल हवं ते."

"तुझी कशी? मी सांगितलं तेच केलंस तू. त्याचाच तर राग आहे. सोपं ते शिकवलं आणि वर्षानुवर्षं निश्चिंत झोपले."

काठावरच्या झुडपांत तीच वेल होती. कात्रीने त्याला पाठमोरं उभं केलं आणि दिसेल तो घोस खुडून पिशवीत टाकला. दिसला तो प्रत्येक. हात ओरबाडले, तरी थांबली नाही.

"वळ. फूल नाही, फळ नाही. आता दाखव."

त्याने एका वेलीला बोट लावलं.

"ताणे बघ तिचे. ती बिचारी साधी आहे. पुन्हा."

तो गुडघ्यांवर बसला. पानं एकेक उलटत गेला. बुंध्याशी हात नेला, तिथे वेल लाकडासारखी झालेली. एक पान चुरगळलं आणि तोंड वाकडं केलं.

"ही."

कात्री पुढच्या झुडपापाशी जाऊन उभी राहिली.

"आणि इथे?"