चायनीजची वांगी

हिंगोलीच्या बाजारात एक भाजीवाली बसते. ती गिऱ्हाइकाला वांग्याला हात लावू देत नाही. प्रत्येक वांगं स्वतः उचलते, देठाशी अंगठ्याने दाबून बघते आणि मगच पारड्यात टाकते. तिचं नाव मला आजही माहीत नाही. मी मावशी म्हणते.

एकाच आठवड्यात मी तिसऱ्यांदा लांब वांगी मागितली, तेव्हा ती म्हणाली, "रोज वांगीच काहून वो माय?"

मी खरं ते सांगितलं. मोबाइलवर बघून झणझणीत चायनीज वांगी करायला गेले आणि दोन्ही वेळा लगदा झाला. सासूबाईंनी तर विचारलं, "भरीत केलं का?"

"चिरून पाण्यात टाकली असशील," मावशी म्हणाली. "पाणी पिलेल्या वांग्याचा लगदाच व्हते."

"टाकतेच की. नाहीतर काळी पडतात."

"आन् वरून काय घालती?"

"सोया सॉस. काळा असतो."

तिने हातातलं वांगं खाली ठेवलं. "रस काळाच घालायचा, मंग वांगं काळं पडंल म्हून काहून भिऊन राहिली?"

त्या दिवशी मी चिरलेली वांगी कोरडीच कडकडीत तेलात टाकली. मग लसूण, लाल मिरची आणि सॉस. फोडी अखंड राहिल्या, आतून लोण्यासारख्या मऊ. सासूबाईंनी भाकरीने कढई पुसून खाल्ली! आमच्या घरात याच्यापेक्षा मोठं प्रशस्तिपत्र नाही.

दुसऱ्या दिवशी पुन्हा केली आणि मावशीला डबा नेला. तिने एक फोड खाल्ली, बोटं चाटली आणि अख्ख्या बाजाराला ऐकू जाईल अशी आरोळी ठोकली, "या, चायनीजची वांगी घ्या, चायनीजची!"

टोपलीत नेहमीचीच, जवळच्या कुरुंदा गावची वांगी होती. तरी पहिली अर्धा किलो मीच घेतली.