आत्याची कोल्ही

नास्ताशिया आत्याला माणसांशी गोड बोलणं कधी जमलं नाही. अख्ख्या कस्कोक्विम नदीच्या काठावर तिच्याइतकी फटकळ बाई नसेल. पाद्रीबाबांना ती तोंडावर आळशी म्हणाली होती. एका कोल्हीशी मात्र लाडाने बोलायची.

विमानाची धावपट्टी लांबवायला टेकडीची वाळू खणून नेली, तेव्हा कोल्हीचं घरच गेलं. आमच्या अलास्कात बाकी सगळी जमीन एक तर चिखल, नाहीतर बर्फ. कोरडं बीळ करणार कुठे? पिल्लांना घेऊन ती आत्याच्या मासे धुरावर सुकवायच्या खोपटाखाली आली. आत्या तिला सॅमन माशांची डोकी टाकायची. हिवाळा लागेपर्यंत कोल्ही तिच्या पायाशी येऊन खायला लागली. दोन्ही पिल्लं बुजरी, लांबूनच बघायची.

मग खालच्या गावात एक पिसाळलेला कोल्हा एका मुलीला चावला. पिसाळलेला कोल्हा माणसाला भीत नाही, हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. आमच्या गावाने माझ्या भावावर, एव्हॉनवर, काम सोपवलं: माणसाला पाहून जो पळणार नाही, त्याला गोळी घालायची. मी पोरांना दारापर्यंतही एकटं सोडत नव्हते. खोपटाखाली खुडबुड झाली की दाराला कडी घालायचे. खोटं कशाला सांगू, कोल्ही मेली तर बरं, असंही मनात येऊन गेलं.

"आत्या, तुझी लाडकी पळत नाही," एव्हॉन म्हणाला.

"तुझी बायको तरी तुला बघून कुठे पळते? तिलाही घाल गोळी."

"थट्टा नको. उद्या सकाळी मी फेरी मारणार. समोर आली तर सोडणार नाही."

तो गेला आणि आत्याचा फटकळपणा गळून पडला. तिला घाबरलेलं मी कधी पाहिलंच नव्हतं. "तिला माझी भीती वाटली पाहिजे," असं म्हणत ती मागच्या दारी गेली. कोल्ही नेहमीसारखी पुढे आली. आत्या ओरडली, काठी आपटली. कोल्ही मागे सरायची आणि परत यायची. तिला वाटलं असेल, आज खायला द्यायचं राहिलंय. शेवटी आत्याने बर्फाचं ढेकूळ उचलून भिरकावलं. ते तिच्या मागच्या पायावर बसलं. कोल्ही केकाटत पळाली.

"गेली बाई एकदाची," आत्या म्हणाली.

सकाळी बंदुकीचा बार ऐकू आला. थोड्या वेळाने एव्हॉन आला.

"मला बघून ती पळायला वळली होती, आत्या. मी सोडणारच होतो. पण पाय ओढत होती, झोकांड्या खात होती. नक्की पिसाळलेली. वाचलीस तू."

मी आत्याचा हात दाबला. तिने तो सोडवून घेतला.

"पिसाळली नव्हती. पाय मी मोडला. तुला बघून पळावी म्हणून."

एव्हॉन टोपी हातात घेऊन उभा राहिला.

"आणि पिल्लं?" आत्याने विचारलं.

"माझी चाहूल लागताच नदीपार पळाली."

"पळणारच," आत्या म्हणाली. "त्यांना मी लळा लावला नव्हता."